शर्यत पाम बीचवर नको, शीळफाट्यावरून जाऊ द्या

जानेवारी 2026 मध्ये पुणे जिल्ह्यात ‘पुणे ग्रँड टूर’ ही टप्प्यांची सायकल शर्यत झाली. पाच दिवस, 437 किलोमीटर, देशोदेशीचे संघ, आणि त्यांच्यासाठी नव्यानं डांबर घातलेले रस्ते. तेव्हापासून ठाण्यात आणि नवी मुंबईत सायकल चालवणारे आणि कधीच न चालवणारे, दोघेही एका प्रश्नावर हिरिरीनं वाद घालताहेत: अशी शर्यत, निदान तिचा एखादा टप्पा, आपल्याकडे यावा का? वाद व्हायलाच हवा. पण तो ज्या पद्धतीनं चाललाय त्यातून कुणाच्याच हाती काही लागणार नाही. एक बाजू म्हणते, शहराचं नाव जगभर जाईल, पर्यटन वाढेल, खाडी आणि खारफुटी टीव्हीवर दिसेल. दुसरी म्हणते, आधी खड्डे बुजवा, मग शर्यतीचं बघू. पहिल्या बाजूला रस्ता हा फक्त देखावा वाटतो. दुसरी बाजू रस्त्यावरून चिडलेली आहे आणि ती चीड योग्यच आहे, पण त्या चिडीच्या भरात ती हातात येऊ घातलेलं हत्यार स्वतःच फेकून देते आहे.

माझं म्हणणं असं: टप्पा यावा. मात्र तो नवी मुंबईतल्या पाम बीच रोडच्या गुळगुळीत पट्ट्यावर चार फेऱ्या मारून संपू नये. तो ठाण्याहून कळव्यामार्गे ठाणे-बेलापूर रस्त्यानं महाप्याला, तिथून शीळफाट्याला, पुढे कल्याण, मुरबाड, टोकावडे करत माळशेज घाटात चढावा. शे-सव्वाशे किलोमीटरचा टप्पा होतो, शेवटी खराखुरा घाट मिळतो, म्हणजे खेळाच्या दृष्टीनंही तो पाम बीचपेक्षा सरस आहे. आणि ज्या रस्त्यावरून इथली माणसं रोज पोटासाठी ये-जा करतात, त्या रस्त्याची सगळ्यांदेखत परीक्षा होते. शर्यत संपल्यावर पहिल्या पावसात ती परीक्षा पुन्हा घेतली जावी. या अटी नसतील, तर अशी शर्यत मलाही नको.

समर्थकांनी आधी एक अतिशयोक्ती सोडायला हवी. येणारी शर्यत ‘भारताची टूर द फ्रान्स’ नसेल. पुण्याची शर्यत यूसीआयच्या, म्हणजे सायकलिंगच्या आंतरराष्ट्रीय महासंघाच्या, 2.2 श्रेणीतली होती. यातला पहिला आकडा सांगतो की शर्यत अनेक टप्प्यांची आहे, दुसरा तिचा वर्ग सांगतो. तिच्यावर 2.1, त्यावर प्रोसिरीज आणि सगळ्यात वर वर्ल्ड टूर. वर्ल्ड टूरच्या संघांना 2.2 शर्यतीत उतरताच येत नाही, नियमच तसा आहे. तेव्हा टूर द फ्रान्स जिंकणारा तादेय पोगाचार मुरबाडला येणार नाही. येतील ते दुसऱ्या-तिसऱ्या फळीचे व्यावसायिक संघ आणि काही राष्ट्रीय संघ. यात कमीपणा काहीच नाही. भारतीय खेळाडूला ज्यांच्या चाकाला चाक लावून शिकता येईल असे हेच लोक आहेत. वर्ल्ड टूरच्या घोळक्यात तो पहिल्या चढावरच मागे पडेल. पण लोकांना एक सांगून दुसरं दाखवलं की पुढच्या वेळी ते रस्त्यावर येत नाहीत.

शर्यतीमागे पैसा आहे, जाहिरात आहे, हा आक्षेपही खराच आहे. तो या खेळाच्या जन्मापासून खरा आहे. 1903 मध्ये हेन्री देग्रांजनं टूर द फ्रान्स सुरू केली ती ‘लॉटो’ या आपल्या वर्तमानपत्राचा खप वाढावा म्हणून. सहा टप्पे होते, साठ जण निघाले, एकवीस जणांनी शर्यत पुरी केली. 1909 मध्ये इटलीत ‘गॅझेटा देल्लो स्पोर्ट’नं तेच केलं आणि जिरो द’इटालिया उभी राहिली. टूरची पिवळी जर्सी आणि जिरोची गुलाबी जर्सी हे त्या त्या वर्तमानपत्राच्या कागदाचे रंग आहेत. मात्र खप वाढवायचा म्हणून ही शर्यत लोकांच्या दारापर्यंत जाणं भाग होतं, गावागावांतून जाणं भाग होतं, आणि तिथंच ती इतर सगळ्या व्यावसायिक खेळांपासून वेगळी झाली. नेरूळच्या डी. वाय. पाटील स्टेडियममधला मोठा सामना बघायचा तर तिकीट लागतं आणि ते मिळवणं किती कठीण आहे हे आपल्याला ठाऊक आहे. टप्प्यांची सायकल शर्यत मात्र फुटपाथवर उभं राहून फुकट बघता येते. पण मार्ग लोकांच्या वस्तीतून गेला, तरच. पाम बीचच्या एका बाजूला खारफुटी आणि दुसऱ्या बाजूला सोसायट्यांच्या भिंती आहेत. तिथं कोण येऊन उभं राहणार?

आता विरोधकांचा सगळ्यात बळकट मुद्दा. रस्ता माझ्यासाठी वर्षानुवर्षं होत नाही आणि परदेशी पाहुण्यांसाठी महिन्याभरात होतो, हा अपमान आहे. हे मला शंभर टक्के मान्य आहे. आपल्याकडे हे वारंवार घडलंय. 2010 च्या राष्ट्रकुल स्पर्धांच्या वेळी दिल्लीत काय झालं ते देशानं बघितलं. जी-20 च्या बैठकांच्या वेळी मुंबईत वस्त्यांसमोर पडदे लावले गेले. मंत्री येणार म्हटलं की रात्रीत दुभाजक रंगतात. असं असताना, ज्या माणसाची दुचाकी गेल्याच पावसाळ्यात खड्ड्यात गेली त्याला तुम्ही सायकल शर्यतीचं कौतुक सांगायला गेलात तर तो चिडणारच. ‘आधी पोटोबा, मग विठोबा’ असं तो म्हणाला तर त्याचं काय चुकलं?

चुकतं ते एवढंच, की त्याला वाटतं खड्डे बुजवण्याची कामं होत नाहीत. कामं तर दर वर्षी होतात. पावसाळा सरला की ऑक्टोबर-नोव्हेंबरात यंत्रं रस्त्यावर येतात, थर पडतो, बिलं निघतात आणि पुढच्या जुलैत त्याच ठिकाणी तोच खड्डा पडतो. म्हणजे ‘आधी खड्डे, मग शर्यत’ या क्रमातलं पहिलं काम कधीच अपुरं ठेवलेलं नाही. ते दर वर्षी पुरं झाल्याचं कागदावर आहे. प्रश्न ते कोणत्या मापानं पुरं झालं हा आहे. आजचं माप मोटारीचं आहे. साहेबांची गाडी हिसका न बसता गेली की रस्ता चांगला. पण मोटारीचा शॉक-ॲब्सॉर्बर आणि रुंद टायर रस्त्याचे निम्मे दोष पोटात घालतो. सायकल एकही दोष पोटात घालत नाही.

ठाणे-बेलापूर रस्त्याच्या डाव्या कडेनं सायकलवर जाऊन बघा, म्हणजे मी काय म्हणतोय ते कळेल. रस्त्यावर नवा थर पडतो, पण चेंबरचं झाकण जुन्याच पातळीवर राहतं आणि दोन-तीन बोटं खोल चौकोन तयार होतो. मोटारवाल्याला तिथं फक्त ‘धप्’ असा आवाज येतो, सायकलवाल्याचं रिम वाकतं. गटारावरच्या लोखंडी जाळीच्या पट्ट्या वाहतुकीच्या दिशेनं उभ्या बसवल्या असल्या की चाक अलगद त्यांच्या मधे जातं आणि माणूस हँडलवरून पुढे फेकला जातो. त्याच जाळीला आडवी फिरवून बसवायला एक पैसाही जास्त लागत नाही. पुलाच्या सांध्यावरची रबराची पट्टी उखडलेली असते. गतिरोधकावरचा पांढरा रंग कधीच उडून गेलेला असतो आणि पहाटेच्या अंधारात तो अंगावर आल्यावरच दिसतो. सिमेंट काँक्रीटचा रस्ता आणि पेव्हर ब्लॉक यांच्या मधे लांबच लांब फट असते आणि ती बरोबर तिथंच असते जिथं सायकलवाल्यानं चालावं अशी सगळ्यांची अपेक्षा असते.

शर्यतीचा सायकलपटू ज्या टायरवर धावतो तो तीसेक मिलिमीटर रुंद असतो. शंभर-सव्वाशे जणांचा घोळका सपाटीवर ताशी पन्नास किलोमीटरच्या आसपास जातो, पुढच्याच्या मागल्या चाकात आणि मागच्याच्या पुढच्या चाकात वीतभर अंतर ठेवून. पुढच्याच्या आडोशाला राहिलं की वाऱ्याचा मार बराच वाचतो, म्हणून सगळे असेच चिकटून चालतात. त्यामुळे मागच्या माणसाला रस्ता दिसतच नाही. त्याला फक्त समोरच्याची पाठ दिसते. एका खचलेल्या झाकणानं वीस माणसं खाली येतात. म्हणून मार्गाची पाहणी करणाऱ्यांना झाकण, जाळी, सांधा, गतिरोधक, फट अशी एकेक गोष्ट तपासावीच लागते. हे माप आपल्या रस्त्यांना आजवर लावलंच गेलेलं नाही. शर्यत हवी ती हे माप लावायला.

आणि हे माप कुणाच्या उपयोगाचं? सकाळी सातच्या पाळीला दिघा, रबाळे, महाप्याच्या दिशेनं निघालेल्या माणसांकडे बघा. काळी, जड, एका गिअरची सायकल, हँडलला अडकवलेला डबा, कॅरिअरला दोरीनं बांधलेली कापडी पिशवी. कुणी औद्योगिक पट्ट्यातल्या कारखान्यात जातो, कुणी सोसायटीचा वॉचमन रात्रपाळी करून परत येतो, कुणी दोन्ही बाजूंना पाव लटकवून टपऱ्यांना माल टाकत जातो. ही माणसं हेल्मेट घालत नाहीत, त्यांचा सायकलींचा ग्रुप नसतो, त्यांच्या मागण्यांचं निवेदन कुणी देत नाही. महापालिकेच्या सायकल ट्रॅकच्या आराखड्यात ती नसतात, कारण ट्रॅक तलावाभोवती किंवा खाडीकाठी होतो आणि यांचा रस्ता कारखान्याकडे जातो. त्यांच्या सायकलला आणि सहा-सात किलोच्या कार्बन सायकलला रस्त्याकडून हवं ते मात्र अगदी एकच आहे. लाखो रुपयांच्या सायकलसाठी आडवी फिरवलेली जाळी पाववाल्याचंही चाक वाचवते. शर्यतीला ‘श्रीमंतांचे चोचले’ म्हणणाऱ्यांनी हा हिशेब मांडून बघावा.

अशी उदाहरणं इतिहासात आहेत. अमेरिकेत 1880 मध्ये सायकलस्वारांची ‘लीग ऑफ अमेरिकन व्हीलमेन’ स्थापन झाली. त्यांनी चांगल्या रस्त्यांची मागणी लावून धरली, 1892 मध्ये ‘गुड रोड्स’ नावाचं मासिक काढलं आणि 1893 मध्ये तिथल्या कृषी खात्यात रस्त्यांची चौकशी करणारं स्वतंत्र कार्यालय उभं राहिलं. तेव्हा मोटारी जवळपास नव्हत्याच. शेतकऱ्यांना आधी वाटायचं की शहरातल्या हौशी पोरांच्या चैनीसाठी आपल्यावर कर बसणार. पुढे त्यांच्याच गाड्या त्या रस्त्यांवरून बाजाराला गेल्या.

टूर द फ्रान्सचं उदाहरण याहून जास्त बोलकं आहे, आणि ते विरोधकांच्याही बाजूनं थोडं बोलतं. 1910 मध्ये शर्यत पहिल्यांदा पिरेनिज पर्वताच्या उंच खिंडींमधून न्यायचं ठरलं. तूर्माले ही खिंड 2,115 मीटरवर आहे. पाहणीला गेलेल्या आल्फाँस स्टेनेसची गाडी बर्फात अडकली, तो रात्री पायी निघाला, घसरला, भरकटला, लोकांनी शोधून काढला तेव्हा कसाबसा जगला होता. आणि सकाळी त्यानं देग्रांजला तार केली की तूर्माले ओलांडला, रस्ता उत्तम आहे. त्याच वर्षी औबिस्क खिंडीच्या रस्त्याच्या डागडुजीला वर्तमानपत्रानं स्वतः पैसे दिले. शर्यतीमुळे दुर्लक्षित रस्त्याकडे लक्ष गेलं हे खरं. आयोजक रस्त्याबद्दल बेधडक खोटं बोलतात हेही तितकंच खरं. म्हणून माझी अट अशी आहे की रस्ता तयार असल्याचा दाखला ना आयोजकांनी द्यावा ना ठेकेदारानं. पाहणीच्या दिवशी रोज त्या रस्त्यानं सायकलनं जाणारी माणसं बरोबर असावीत, त्यांनी दाखवलेला प्रत्येक दोष लिहून घेतला जावा आणि ती यादी सगळ्यांना बघायला मिळावी.

दुसरी अट दोषदायित्व कालावधीची. रस्त्याच्या प्रत्येक ठेक्यात हा कालावधी असतो. त्या मुदतीत रस्ता खराब झाला तर ठेकेदारानं स्वखर्चानं दुरुस्त करायचा असतो. कागदावर ही तरतूद उत्तम आहे, पण कोणत्या रस्त्याची मुदत कधी संपते हे रस्त्यावर चालणाऱ्याला कळायला काही मार्ग नसतो. शर्यतीच्या मार्गावर ठिकठिकाणी फलक असावा: काम कुणी केलं, किती खर्च आला, कधीपर्यंत जबाबदारी. जानेवारीत शर्यत होते. जूनच्या अखेरीस त्याच मार्गावर, त्याच माणसांनी, तीच यादी हातात घेऊन पुन्हा फिरावं. कोकणातला रस्ता जानेवारीत कुणीही चांगला ठेवू शकतो. पहिल्या मुसळधार पावसानंतर तो कसा आहे, यावर ठेकेदाराची शेवटची रक्कम सुटावी.

एक आक्षेप असा आहे की या शहरांत जिथं साधा सायकलस्वार सुरक्षित नाही तिथं शर्यत भरवणं म्हणजे जखमेवर मीठ चोळणं. हा आक्षेप मला सगळ्यात जास्त अस्वस्थ करतो. 28 फेब्रुवारी 2024 ला पहाटे पाम बीच रोडवर नेरूळजवळ इंटेल इंडियाचे माजी प्रमुख अवतार सैनी यांना मागून टॅक्सीची धडक बसली आणि त्यात ते गेले. पेन्टियम चिपच्या घडणीत ज्यांचा मोठा वाटा होता असा माणूस, म्हणून त्या मृत्यूची देशभर बातमी झाली. शीळफाट्याच्या रस्त्यावर कंटेनरखाली येणाऱ्या सायकलवाल्याची बातमी आतल्या पानावर चार ओळींत येते. देशात 2022 मध्ये रस्ते अपघातांत 1,68,491 माणसं मेली. त्यांतल्या कित्येकांच्या बाबतीत चार ओळीही छापल्या गेल्या नसतील. यावर शर्यत हा उपाय आहे असं मी म्हणत नाही. वेगावर नियंत्रण, पहाटेची गस्त, कॅमेरे, रस्त्याच्या कडेला अतिक्रमणमुक्त जागा हे उपाय आहेत आणि ते शर्यत असो-नसो व्हायलाच हवेत. पण शर्यत नको म्हटल्यानं त्यांतला एकही उपाय लवकर होणार नाही. ती पाम बीचवर ठेवली तर एक चुकीचा संदेश मात्र जाईल: सायकलची जागा या एका देखण्या रस्त्यावर, बाकी रस्ते ट्रक-कंटेनरांचे. शीळफाट्याच्या चौकातून, मुंब्रा बायपासकडून जेएनपीटी बंदराच्या दिशेनं जाणाऱ्या कंटेनरांना थांबवून, सायकलींचा जथा एकदा गेला, तर त्या चौकातल्या ट्रकचालकाला, पोलिसाला आणि टपरीवाल्याला सायकल ही रस्त्यावरची हक्काची गाडी म्हणून निदान एकदा तरी दिसेल.

मग वाहतूक कोंडी? ठाणेकरांसमोर रस्ता बंद करण्याची भाषा काढणं म्हणजे मोठं धाडस आहे, आणि घोडबंदर रोडपुरतं मी विरोधकांशी पूर्ण सहमत आहे. मेट्रोचं काम, सेवा रस्ते मुख्य रस्त्यात विलीन करण्याचा खटाटोप, गायमुखचा चढ, गुजरातकडची अवजड वाहतूक, आणि या सगळ्याला पर्यायी रस्ता नाही. तिथं शर्यत नेणं हा कासारवडवली-ओवळ्याच्या माणसावर अन्याय होईल. गायमुखचा घाट टीव्हीवर कितीही छान दिसला तरी नको.

बाकी मार्गाबद्दल मात्र एक गैरसमज दूर व्हायला हवा. टप्प्याच्या शर्यतीत सगळा मार्ग दिवसभर बंद ठेवण्याची गरज नसते. पुढे पोलिसांची मोटरसायकल, मागे शर्यत, शेवटी मागे पडलेल्यांना उचलणारी गाडी. ती गेली की रस्ता खुला. वारीच्या वेळी पालखी जसजशी पुढे सरकते तसतसा मागचा रस्ता मोकळा होतो, तशीच ही रचना, फक्त वेग कैक पटींनी जास्त. कळव्याच्या माणसाला संध्याकाळपर्यंत थांबायचं कारण नाही, शर्यत तोवर मुरबाडच्या पुढे गेलेली असेल. पुण्यात रस्ते तासन् तास बंद राहिल्याच्या तक्रारी झाल्या, त्या खोट्या म्हणून झटकून टाकू नयेत. बंदोबस्ताला सवय नव्हती, म्हणून गरजेपेक्षा लवकर रस्ते अडवले गेले असतील. त्यावर उपाय आहे: प्रत्येक नाक्यावर बंदची नेमकी वेळ आठवडाभर आधी जाहीर करणं, तारीख रविवारची ठेवणं, रुग्णवाहिकेला कुठून ओलांडता येईल ते आधी ठरवून प्रत्येक रुग्णालयाला कळवणं, आणि गरज पडली तर शर्यत थांबवणं. शर्यत थांबवता येते, वाटेतल्या अडथळ्यांमुळे युरोपात ती अनेकदा थांबवली गेली आहे. आणि रस्ते बंद होण्याची आपल्याला सवय नाही असं थोडंच आहे? दहीहंडीला ठाण्याचे नाके संध्याकाळपर्यंत बंद असतात, पावसाळ्यात मॅरेथॉनसाठी बंद होतात, पाडव्याला स्वागतयात्रांसाठी बंद होतात. त्या दिवशी कुणी ‘आधी खड्डे’ म्हणत नाही, कारण ते उत्सव आपले वाटतात. शर्यत आपली वाटत नाही, ही खरी अडचण आहे.

ती आपली कशी होते याचं उत्तर कोलंबियात मिळतं. 1951 मध्ये तिथं वुएल्ता आ कोलंबिया ही देशभर फिरणारी शर्यत पहिल्यांदा भरली तेव्हा अँडीजमधले रस्ते मातीचे, चिखलाचे होते. अशा रस्त्यांवर शर्यत होऊच शकत नाही असं म्हणणारे तेव्हाही होते. एफ्राइन फोरेरो नावाच्या सायकलपटूनं डोंगर ओलांडून ती होऊ शकते हे आधी सिद्ध केलं आणि पहिली शर्यतही त्यानंच जिंकली. रेडिओवरून वर्णन ऐकत लोकांनी आपल्याच देशातली न पाहिलेली गावं ओळखीची करून घेतली. 1987 मध्ये लुइस एरेरा स्पेनची वुएल्ता जिंकला, त्याला लोक ‘छोटा माळी’ म्हणत, कारण त्यानं बागकाम केलेलं होतं. 2019 मध्ये एगान बेर्नाल टूर द फ्रान्स जिंकला, त्याचे वडील सुरक्षारक्षकाची नोकरी करत. फ्रान्सची पहिली टूर जिंकणारा मॉरिस गाराँ धुराडी साफ करायचा. हा खेळ मुळात श्रीमंतांचा नाही. सायकल महाग झाली आहे हे खरं, पण फुफ्फुसं आणि पाय विकत मिळत नाहीत, आणि ते मुरबाड-शहापूरच्या चढावरून रोज शाळेत जाणाऱ्या पोरांकडे असतात. त्याच कोलंबियाच्या बोगोटात 1974 पासून ‘सिक्लोविया’ सुरू झाली. आज रविवारी शंभराहून जास्त किलोमीटर रस्ते मोटारींना बंद आणि माणसांना खुले असतात. शर्यतीनं सिक्लोविया आणली असा दावा मी करणार नाही. पण ज्या देशात सायकल हा अभिमानाचा विषय झालेला असतो, तिथं रस्ता सायकलला देण्याचं राजकारण सोपं जातं, एवढं मला नक्की वाटतं.

आपल्याकडे हा अभिमान अगदीच नाही असंही नाही. मुंबई-पुणे सायकल शर्यत कित्येक दशकं चालत आली आहे, ती पनवेल-खोपोलीवरून बोरघाट चढते आणि तिच्यातल्या ‘घाटाचा राजा’ या किताबासाठी राज्यभरातली मुलं जीव तोडून पायडल मारतात. नाशिकच्या डॉ. हितेंद्र आणि डॉ. महेंद्र महाजन या भावांनी 2015 मध्ये ‘रेस अक्रॉस अमेरिका’ दोघांच्या गटात पुरी केली. तरीही 1964 च्या टोकियोनंतर भारताचा एकही सायकलपटू ऑलिम्पिकला गेलेला नाही. ऑलिम्पिकच्या जागा देशांच्या गुणांवर ठरतात, गुण यूसीआयच्या शर्यतींतून मिळतात आणि परदेशात जाऊन हंगामभर शर्यती खेळणं आपल्या मुलांना परवडत नाही. घरच्या अंगणातली 2.2 शर्यत हा त्यावरचा सगळ्यात स्वस्त मार्ग आहे. उत्तेजकांचा डाग या खेळावर आहेच. लान्स आर्मस्ट्राँगची टूर द फ्रान्सची सातही विजेतेपदं 2012 मध्ये काढून घेतली गेली. चाचण्यांचा खर्च शर्यतीच्या अंदाजपत्रकात पहिल्या दिवसापासून धरावा, त्यात काटकसर नको.

एक मागणी मात्र दोन्ही बाजूंच्या बोलण्यात कुठंच येत नाही. 2 नोव्हेंबर 2025 ला भारताच्या मुलींनी क्रिकेटचा विश्वचषक जिंकला तो याच नवी मुंबईत. त्या शहराच्या रस्त्यावर होणारी शर्यत फक्त पुरुषांची असावी हे मला पटत नाही. टूर द फ्रान्सनं स्त्रियांची शर्यत 1984 मध्ये सुरू केली, काही वर्षांनी बंद पाडली आणि 2022 मध्ये नव्यानं उभी केली. ती चूक करून मग दुरुस्त करायला आपल्याला तेवढी वर्षं घालवायची गरज नाही. त्याच दिवशी सकाळी, त्याच रस्त्यावरून, माळशेजपर्यंत मुलींचा टप्पा जावा. रस्ता एकदा मोकळा केलेला असतो, त्यासाठी वेगळा खर्च फार नाही.

आणि लोकांनी रस्त्याच्या कडेला उभं राहून फक्त टाळ्याच वाजवाव्यात असंही नाही. 1982 मध्ये टूर द फ्रान्सचा एक सांघिक टप्पा दनँ गावात पोलाद कामगारांनी अडवला, कारण त्यांचा कारखाना बंद होणार होता. टप्पा रद्द झाला आणि कामगारांची गोष्ट जगाला कळली. शर्यत अडवा असं मी सांगत नाही. पण शीळफाट्याच्या, दिघ्याच्या, मुरबाडच्या माणसानं आपल्या रस्त्याबद्दलचा फलक हातात धरून उभं राहिलं, तर त्याला हटकू नये, वस्तीसमोर पडदा लावू नये, हे आयोजकांच्या परवानगीपत्रातच लिहिलेलं असावं. खारघर, नेरूळ, ठाण्यातल्या सायकल ग्रुपांनी ही अट आपली म्हणून मांडायला हवी. काळ्या सायकलवाल्यांसाठी बोलायची ताकद आज त्यांच्याकडेच आहे.

हे सगळं ठरवायची वेळ शर्यतीची घोषणा झाल्यावरची नाही. मार्ग एकदा जाहीर झाला की तो सगळ्यात सोप्या, सगळ्यात देखण्या रस्त्यावर पक्का होतो आणि मग उरतो तो फक्त बॅनरवर कुणाचा फोटो कुठं लावायचा हा प्रश्न. जानेवारीत शर्यत हवी तर रस्त्याच्या निविदा पावसाळ्यापूर्वी निघायला हव्यात. त्या निविदांत चेंबरच्या झाकणाची पातळी, जाळीची दिशा आणि दोषदायित्वाची मुदत ही कलमं घालून घ्यायची असतील, तर ‘शर्यत हवी की नको’ यावर भांडण्यात हा उन्हाळा घालवू नये. महापालिकांकडे, सार्वजनिक बांधकाम विभागाकडे आणि आमदार-खासदारांकडे आत्ताच लेखी मागणी जायला हवी, आणि तिच्यात मार्गाचं नाव स्पष्ट असावं: ठाणे-बेलापूर रस्ता, शीळफाटा, कल्याण, मुरबाड, माळशेज.